ऐंशी वर्षांचा राजा

चांद्याच्या, म्हणजे आजच्या चंद्रपूरच्या, गोंड राजांच्या यादीत बाबाजी बल्लाळशहाच्या नावापुढे १४४२ ते १५२२ अशी सालं आहेत. गादीवर ऐंशी वर्षं. त्याच्यामागून आलेल्या धुंड्या रामशहाला पंचाहत्तर. कितीतरी आधीच्या दिनकरसिंगाला सत्तर. मेजर ल्युसी स्मिथ या इंग्रज अधिकाऱ्याने चांदा जिल्ह्याच्या जमीनबंदोबस्ताचा अहवाल १८६९ मध्ये लिहिला, त्यात ही यादी आली आणि पुढे एका पुस्तकातून दुसऱ्यात उतरत गेली. पहिला भीमबल्लाळसिंग ८७० साली गादीवर बसतो, शेवटच्या नीळकंठशहाचं राज्य १७५१ साली भोसल्यांच्या घशात जातं. मधल्या ८८१ वर्षांत पिढ्या अवघ्या एकोणीस. सरासरी काढली तर प्रत्येक पिढीच्या वाट्याला शेहेचाळीस वर्षं येतात. अकबरासारख्या भाग्यवान बादशहालाही एकोणपन्नासच वर्षं मिळाली होती, आणि मोगलांच्या घरात तेवढी टिकणारे एकामागून एक काही निघाले नाहीत.

माझ्या आजोबांना ही यादी तोंडपाठ होती. आम्ही त्यांना आबाजी म्हणायचो. मूळचे चामोर्शीकडचे, पण उभी नोकरी बल्लारशाच्या लाकूड डेपोवर मुनशी म्हणून झालेली. उन्हाळ्यात अंगणात बाजा टाकल्या की आबाजी राजे मोजायला घ्यायचे. खांडक्या बल्लाळशहाच्या अंगावरचे फोड झरपट नदीच्या डोहातल्या पाण्याने कसे बरे झाले, सशाने उलटून राजाच्या कुत्र्याचा पाठलाग कसा केला आणि राणीने ती वीराची भूमी ओळखून तिथेच चांद्याचा कोट घालायला कसं सांगितलं, हे सगळं त्या मोजणीत आपापल्या जागी यायचं. मी एकदा विचारलं होतं, "आबाजी, माणूस ऐंशी वर्षं जगला तरी खूप झालं. हा राजा ऐंशी वर्षं राज्य कसा करेल?"

"राजा मोठा होता ना बाबू," आबाजी म्हणाले. "मोठ्या मानसाचे दिवस बी मोठेच रायतात."

हेच आबाजी डेपोवर मात्र काळाच्या बाबतीत फार काटेकोर होते. सागाचा ओंडका घडीवर लागला की ते त्याच्या कापलेल्या तोंडाशी उकिडवे बसायचे. करवतीने खरबडलेला भाग खिशातल्या चाकूने हळूहळू तासून गुळगुळीत करायचे, त्यावर बाटलीतलं पाणी शिंपडायचे. ओलं झालं की कोरडेपणी न दिसणारी वलयं वर यायची. मग आगपेटीची काडी घेऊन ते मधल्या गाभ्यापासून सालीपर्यंत एकेक वलय मोजत यायचे, दर दहाव्यावर नखाने खूण करत. सागाची पानं उन्हाळ्यात झडतात. पावसाच्या तोंडाशी झाड पुन्हा पालवतं तेव्हा जे लाकूड धरतं त्यात मोठमोठी छिद्रं एका ओळीत पडतात, आणि पाऊस ओसरत गेला की लाकूड घट्ट होत जातं. म्हणून एक रेघ म्हणजे एक पावसाळा. जिथे रेघा दाटीने आलेल्या असत तिथे आबाजींची काडी थांबायची. बाहेरून आत मोजून ते सांगायचे, "हा छप्पन्न्या." संवत १९५६ चा, म्हणजे १८९९–१९०० चा तो दुष्काळ आबाजींच्या जन्माच्या आधीचा, पण तो त्यांनी लाकडात बोट ठेवून आम्हाला दाखवला. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेतल्या संशोधकांनी सागाच्या अशाच वलयांवरून जुन्या पावसाचा माग काढला, हे मी फार नंतर वाचलं.

एका काडीने पन्नास वर्षांपलीकडचा दुष्काळ अचूक गाठणारा माणूस ऐंशी वर्षांच्या राजाला एक महिनाही कमी करायला तयार नव्हता. दोन्ही हिशेब एकाच डोक्यात नांदत होते आणि त्यांचं आपसात कधी भांडण नव्हतं. मला या गोष्टीने आयुष्यभर ओढून धरलं आहे.

कागदाचा पुरावा यादीच्या बाजूने नाही. अबुल फजलच्या ऐन-ई-अकबरीत, म्हणजे सोळाव्या शतकाच्या अखेरीस, चांद्याच्या बाबाजीचा उल्लेख येतो. एक हजार घोडेस्वार आणि चाळीस हजार पायदळ बाळगणारा, हयात असलेला राजा म्हणून. यादीप्रमाणे तोवर त्याला जाऊन सत्तरएक वर्षं झालेली होती. म्हणजे यादीतल्या सालांत कुठेतरी निदान तेवढ्या वर्षांची ओढाताण आहे. अलीकडचे अभ्यासक खांडक्या बल्लाळशहालाही तेराव्या शतकातून उचलून पंधराव्याच्या उत्तरार्धात आणून बसवतात. ते बरोबर असतील. पण ही वर्षं ताणली कोणी, आणि कशासाठी?

इथे मला एक माणूस दिसतो. तो कुठल्या दप्तरात नाही. मी त्याला कल्पनेने उभा केला आहे आणि म्हणून त्याला नाव देत नाही. तो परधान आहे. गोंडांच्या कुळांची वंशावळ सांभाळायची, देवकार्यात ती गायची, घरातलं माणूस गेलं की त्याच्या नावाचं गाणं करायचं, हे परधानांचं पिढीजात काम. हातात किंगरी. कुळाचं घर हे त्याच्या हक्काचं घर. सुगी झाली की तो तिथे जाणार, गाणार, धान्य, कापड, जनावर जे मिळेल ते घेऊन पुढच्या गावी निघणार. अहमदनगर-सोलापूरकडच्या मराठी मुलुखातून वर नर्मदेच्या खोऱ्यात गेलेल्या शामराव हिवाळे यांनी मंडला भागातल्या परधानांवर १९४६ मध्ये एक सबंध पुस्तक लिहिलं. आपल्या शेजारच्या आदिलाबादच्या राजगोंडांत राहून फ्यूरर-हायमेनडॉर्फ यांनी तिथल्या परधानांची कथनं टिपली. त्यांत हा माणूस मला तुकड्यातुकड्यांनी भेटत राहिला.

त्याचा जन्म मी १७५१ च्या आसपास धरतो. नागपूरकर रघूजी भोसल्याने चांदा घेतलं, नीळकंठशहा कैदेत गेला, त्या वर्षी तो पाळण्यात. बापाने राजवाड्यातलं गाणं पाहिलेलं. याने पाहिला तो सुभेदार, तोफा आणि वसुलीचे कारकून. कोट तोच, परकोटाच्या वेशी त्याच. हत्तीवर झेपावणाऱ्या सिंहाचं राजचिन्ह दारांवर तसंच. आणि आत राजा नाही. बापाकडून त्याला किंगरी मिळाली आणि एकोणीस नावं मिळाली. राज्य गेलं होतं. पुढे काही उरलं नव्हतं, म्हणून त्याने मागे राज्य वाढवायला घेतलं.

नावं वाढवण्याची सोय नव्हती. परधानाच्या गाण्यातलं प्रत्येक नाव कुणाच्या तरी कुळाशी बांधलेलं असतं. खोटं नाव घुसवलं तर समोर बसलेले म्हातारे तिथल्या तिथे पकडतात. वर्षांना मात्र वारस नसतो. सत्तर म्हटलं काय नि तीस म्हटलं काय, कोणाचा देव उपाशी राहत नाही. तेव्हा त्याने नावांना हात लावला नाही, वर्षं ताणली. आणि ती सरसकट ताणली नाहीत. ज्याचं काम रानात अजून दिसतं, त्याला जास्त दिली. हीरशहाला यादीत साठ वर्षं आहेत, १२८२ ते १३४२. हा तो राजा, ज्याच्याबद्दल सांगतात की जो जंगल तोडून शेत काढेल त्याला जमीन, आणि जो तळं बांधेल त्याला त्या तळ्याच्या पाण्याने भिजेल तेवढी जमीन, असा त्याचा हुकूम होता. ब्रह्मपुरी, सिंदेवाही, मूल, नागभीड या पट्ट्यात धानाच्या बांध्यांना पाणी देणारी जुनी तळी आजही आहेत. एवढ्या तळ्यांची माती उपसायला साठ वर्षं लागणारच, असं आमच्या परधानाने ठरवलं असेल. त्याच्या हिशेबाला आधार होता. तो आधार कागदाचा नव्हता, एवढंच.

पुढे त्याच्या नातवाच्या तोंडून ही नावं आणि ही वर्षं कोणा साहेबाच्या कारकुनाने उतरवून घेतली असतील आणि किंगरीवरचं गाणं रकान्यांत बसलं असेल. रकाना आला की वर्षांना जाब द्यावा लागतो. गाण्यात तो द्यावा लागत नव्हता.

काळ ताणणं ही त्याची एक युक्ती झाली. काळ थांबवण्याची युक्तीही या रानात होती, आणि ती मला आजीकडून कळली. आजी चिमूरकडची. ताडोबाच्या तळ्याची गोष्ट ती स्वयंपाकघरातच सांगायची, धानाचे तूस पाखडता पाखडता. लग्नाचं वऱ्हाड तहानेने व्याकूळ झालं, एका थकल्या म्हाताऱ्याच्या सांगण्यावरून नवरा-नवरीने जमीन उकरली, पाणी उसळलं आणि त्या पाण्यात ती दोघं गेली. मग तळ्याकाठी एक ताडाचं झाड उगवू लागलं. सूर्याबरोबर जमिनीतून वर यायचं, दुपारी पुऱ्या उंचीला पोचायचं आणि तिन्हीसांजेला पुन्हा मातीत उतरून दिसेनासं व्हायचं. एका सकाळी एक यात्रेकरू त्याच्या शेंड्यावर बसला. झाड चढत गेलं, आभाळापर्यंत गेलं आणि उन्हाच्या ज्वाळेत तो माणूस जळून गेला. झाडाची राख झाली. तिथे देव प्रगटला.

चार्ल्स ग्रँटने १८७० मध्ये मध्य प्रांताचं गॅझेटियर काढलं, त्यात ही गोष्ट जवळपास अशीच आहे. छापील पानावर ती वाचली तेव्हा मला आजीच्या सुपाचा आवाज ऐकू आला. पण गॅझेटियरात एक वाक्य नाही. आजी शेवटी म्हणायची, "तवापासून ताडोबात येर कोनी मोजत नाई." वेळ मोजणारं झाड होतं, माणूस त्याच्यावर चढून बसला आणि तो मोजच नाहीसा झाला. घड्याळाची इतकी मोठी गोष्ट मी दुसरीकडे कुठे ऐकलेली नाही.

आबाजींचा चुलता एका मोसमात ताडोबाच्या जंगलात कूप तोडायला होता. तिथल्या मजुरांची वेळ सांगायची रीत आबाजींनी त्याच्याकडून उचलली होती आणि डेपोवर हजेरीपटात तास लिहिणारे हे मुनशी घरी तीच वापरायचे. रानकोंबडा बोलल्यावर. गुरं सुटताना. दोन कासरे दिवस वर आल्यावर. वर्षाची मोजणीही तशीच: मोह पडायला लागला, तेंदू खुडायला आला, धान पोटरीला आलं. माडिया गावांत तर मोहफुलाचं असो की नव्या धानाचं, आधी त्याचा पंडुम हा सण होतो, मग ते तोंडात घालतात. गावाचा गायता दिवस ठरवतो, झाडाकडे आणि आभाळाकडे पाहून. छापलेल्या तारखेला मोहाचं झाड बांधील नाही.

काळाला सरळ हरवण्याची गोष्ट हवी असेल तर मात्र वैनगंगेच्या काठी जावं लागतं. चामोर्शी तालुक्यात मार्कंडा आहे. दक्षिणेकडे चाललेली नदी इथे वळण घेऊन उत्तरेकडे तोंड करते, आणि त्या उत्तरवाहिनी काठावर देवळांचा समूह उभा आहे. महाशिवरात्रीला जत्रा भरते. आमच्या लहानपणी बैलबंड्यांची रांग चामोर्शीपर्यंत लागायची. मृकंडूच्या मुलाला आयुष्य सोळा वर्षांचं. सोळावं संपलं त्या दिवशी यम आला, पोराने पिंडीला मिठी मारली, फास पिंडीवर पडला आणि महादेवाने लाथेने यमाला लोटून दिलं. पोरगं कायमचं सोळा वर्षांचं राहिलं. तमिळनाडूतल्या तिरुक्कडैयूरलाही ही कथा तिथलीच म्हणून सांगतात आणि तिथे साठीशांत करायला लांबून लोक जातात. आमच्याकडच्या माणसांना त्यात काही अडचण वाटत नाही. मृत्यू जिथे जिथे येतो तिथे तिथे मार्कंडेय असायला हवाच.

देवळं कोणी बांधली? आबाजींचं उत्तर तयार होतं: हेमाडपंताने, एका रात्रीत. इथे आमच्या परधानाची युक्ती उलटी चालते. राजांची वर्षं ताणायची, देवळांची वर्षं दुमडून एका रात्रीत बसवायची. हेमाद्री पंडित देवगिरीच्या यादवांचा प्रधान, तेराव्या शतकाच्या उत्तरार्धातला. मार्कंड्याची देवळं अभ्यासक साधारण दहाव्या-अकराव्या शतकातली मानतात. म्हणजे बांधणारा अजून जन्मालाही आलेला नव्हता. अलेक्झांडर कनिंगहॅम १८७० च्या दशकात इथे येऊन गेले आणि त्यांनी या देवळांचं तपशीलवार वर्णन केलं. विदर्भाचं खजुराहो असं लोक म्हणतात ते मूर्तींमुळे. भिंतीवर ओळींमागून ओळी, अप्सरा, शिव, मिथुनं, आणि कोपऱ्यावरच्या एका मूर्तीच्या पायातल्या साखळीची प्रत्येक कडी वेगळी मोजता येईल इतकी सुटी कोरलेली. ती एक साखळी नुसती घडवायला एका कारागिराचे किती दिवस गेले असतील! आणि गोष्ट म्हणते, एक रात्र.

मला ती रात्र खोटी वाटत नाही. कारागिरांची नावं राहिली नाहीत, मजुरी राहिली नाही, किती पिढ्या तिथे दगड वाहत होत्या तेही राहिलं नाही. सकाळी उठलेल्या गावकऱ्याच्या दृष्टीने ते देऊळ नेहमी आधीपासूनच होतं. आपण उठलो तेव्हा झालेलं होतं, हेच एका रात्रीत बांधलं या म्हणण्यात येतं.

काळाला जिंकणाऱ्याच्या त्या देवळावर पुढे वीज पडली, शिखर ढासळलं, मंडप फुटला. आत जे जाडेभरडे खांब आणि कमानी दिसतात ती नंतर केलेली डागडुजी. गोंड राजाने ती केली असं सांगतात. अलीकडे जीर्णोद्धारासाठी दगड उतरवले गेले आणि ते काम वर्षानुवर्षं रेंगाळत राहिलं. आमच्या भागातल्या माणसाच्या जिवाला हे लागतं. सोळा वर्षांत न मेलेल्या पोराचं घर उघडं पडावं, हे आम्हाला सहन होत नाही.

मरण नाकारण्याची हीच गोष्ट आमच्याकडे एका खऱ्या माणसाच्या बाबतीत पुन्हा सांगितली गेली. मोलमपल्लीचे जमीनदार बाबूराव शेडमाके. जन्म १२ मार्च १८३३. १८५७ मध्ये त्यांनी गोंड, माडिया, रोहिले तरुणांची जंगोम सेना उभी केली, १८५८ च्या मार्चमध्ये नांदगाव-घोसरीला इंग्रजी फौजेशी झुंजले. त्याच वर्षी एप्रिलअखेर प्राणहितेच्या काठी चिंचगुंडीला तारखात्याच्या तळावर त्यांच्या माणसांनी हल्ला केला आणि गार्टलंड व हॉल हे दोन कर्मचारी मारले गेले. पुढे त्यांना पकडण्यात आलं आणि २१ ऑक्टोबर १८५८ रोजी चांद्याच्या तुरुंगात पिंपळाच्या झाडाला फाशी दिलं. वय पंचवीस. इथवर कागद आहे. म्हातारी माणसं याच्या पुढचं सांगतात: दोर तुटला. दुसऱ्यांदा तुटला. तिसऱ्यांदाही तुटला. शेवटी चुन्याच्या भट्टीत टाकलं तेव्हा कुठे इंग्रजाच्या जिवात जीव आला.

आबाजी हे सांगताना प्रत्येक दोराला थांबायचे. तीन दोर म्हणजे तीन वेळा मिळालेलं आयुष्य. पंचविशीत गेलेल्या माणसाला लोकांनी जी वर्षं देता येतील ती अशी दिली. बाबाजी बल्लाळशहाला ऐंशी मिळाली, शेडमाक्यांना तीन दोर. देणारा हात तोच.

चिंचगुंडीचा तो तळ तारेचा होता, ही बाब मला महत्त्वाची वाटते. तार आली म्हणजे दूरची वेळ रानात शिरली. पाठोपाठ कोळसा आणि रेल्वे. १९०६ च्या १ जानेवारीपासून ८२ अंश ३० कला रेखांशाची वेळ देशाची प्रमाणवेळ झाली. चंद्रपूर त्या रेषेच्या पश्चिमेला तीन अंशांहून जास्त. म्हणून इथला सूर्य सरासरीने तेरा मिनिटं उशिरा डोक्यावर येतो, गडचिरोलीत दहा. १९२९ मध्ये काजीपेठ–बल्लारशा मार्ग पुरा झाला, दिल्ली आणि मद्रास थेट जोडले गेले आणि बल्लारशाचं फलाटावरचं घड्याळ गावाचं घड्याळ झालं. दुसऱ्या महायुद्धात, १९४२ च्या सप्टेंबरपासून १९४५ च्या ऑक्टोबरपर्यंत, सरकारने देशभरची घड्याळं एक तास पुढे ढकलली. चले जाव चळवळीतल्या चिमूरच्या क्रांतीला तेव्हा जेमतेम पंधरवडा झाला होता. आजीच्या माहेरी पोलिसांचा धाक दाटलेला, पुरुषमाणसं रानात. तशात सरकारने तासही हलवला. "आमचं सगरंच नेलं त्याहीनं, येर बी नेली," असं आजी म्हणायची. स्वातंत्र्यानंतर कागद कारखान्याचा भोंगा आला. माझ्या आठवणीतलं बल्लारशा भोंग्यावर चालतं: पहिल्या भोंग्याला चूल, दुसऱ्याला डबा. कोळशाच्या खाणींकडेही तेच. रानकोंबडा आणि दोन कासरे दिवस घरातल्या म्हाताऱ्यांपुरते उरले.

नागपुरात एक माणूस असा होऊन गेला की ज्याने खडकांचा काळ आणि गाण्यांचा काळ एकाच झोळीत घातले. स्टीफन हिस्लॉप, स्कॉटलंडहून १८४५ मध्ये आलेले मिशनरी. रविवारी उपदेश आणि इतर दिवशी खडक. मांगलीच्या वाळूच्या दगडात त्यांना आणि त्यांचे सहकारी हंटर यांना एका प्राचीन उभयचराची कवटी मिळाली; वरोऱ्याकडच्या पिसदुऱ्याची प्रचंड हाडं त्यांनी गोळा केली, जी डायनासोरांची निघाली. आणि याच हिस्लॉपनी एका परधानासमोर बसून पहांदी पारी कुपार लिंगोचं गाणं उतरवून घेतलं. लिंगो, ज्याने गोंडांना कुळांत बसवलं, देव वाटून दिले, वाद्यं दिली. ज्याला आपल्याच माणसांनी मारलं आणि जो अमृताने परत उठला. १८६३ च्या सप्टेंबरात हिस्लॉप टाकळघाटची शिळावर्तुळं पाहून परतताना नाल्याच्या पुरात बुडाले. त्यांचे कागद रिचर्ड टेम्पल यांनी १८६६ मध्ये छापले. पुढे मोतीरावण कंगाली यांच्यासारख्या गोंडी अभ्यासकांनी लिंगोची कथा आपल्या बाजूने नव्याने मांडली, आणि ते व्हायलाच हवं होतं. मिशनऱ्याच्या कानाला जे ऐकू आलं ते पुरतं गोंडांचं नाही. तरीही त्या परधानाचा आवाज, कितीही गाळून आलेला का असेना, १८६३ च्या पुरातून वाचला.

हिस्लॉपनंतर भूशास्त्रज्ञांनी इथल्या खडकांना गोंडवन हे नाव दिलं आणि एडवर्ड स्यूस यांनी ते दक्षिणेकडच्या एका आदिम महाखंडाला लावलं. सिरोंचा तालुक्यात वडधमला दगड झालेली झाडं आहेत, ज्युरासिक काळातली मानली जातात. त्या खोडावर हात ठेवला की ऐंशी वर्षं ताणलेली की खरी, याचं काही वाटेनासं होतं. पण त्या दगडाला कोणाचं नाव नाही. बाबाजी बल्लाळशहाला आहे. नाव ठेवण्याचं काम माणसाच्या तोंडाने केलं, आणि त्यासाठी वर्षं लागली ती त्याने कुठूनतरी आणली.

म्हणून माझं मत स्पष्ट आहे. यादीतली सालं चुकीची आहेत, आणि ती पुसू नयेत. ऐन-ई-अकबरीतली नोंद शेजारी लिहावी. तीन दोर आणि २१ ऑक्टोबर १८५८ एकाच पानावर असावेत. तारखा कागदावर टिकून राहतात. सांगणारे राहत नाहीत. चंद्रपूर-गडचिरोलीत किंगरी वाजवणारे हात आता गावोगाव शोधावे लागतात, आणि यादी तोंडपाठ असलेले आबाजी तर घराघरांतून गेले.

तुमच्या घरात कोणी असेल तर या दिवाळीनंतर, मंडई आणि नाटकांच्या दिवसांत, पाहुणे जमतात तेव्हा मोबाईल चालू करून त्यांच्याजवळ बसा. मध्ये थांबवू नका, साल चुकलं तर चुकू द्या. गोंडीत सांगितलं तर गोंडीतच राहू द्या, माडियात तर माडियात. शेवटी सांगणाऱ्याचं नाव, गाव आणि ऐकल्याची तारीख बोलून घ्या, आणि त्यांच्या परवानगीनेच ते पुढे द्या. गडचिरोलीत २०११ पासून गोंडवाना विद्यापीठ आहे. हे आवाज जपून ठेवणारी एक खोली तिथे असावी, ही मागणी आपण सगळ्यांनी मिळून केली पाहिजे.